कोपर्निकसच्या अठराशे वर्षे आधी

पृथ्वी सूर्याभोवती फिरते हे कोपर्निकसने १५४३ मध्ये छापले, पण ग्रीकांकडे ही कल्पना इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकातच मांडून झाली होती. मांडणारा होता सेमॉस बेटावरचा ॲरिस्टार्कस. त्याचा मूळ मजकूर हरवला आहे. आपल्याला ही कल्पना कळते ती मुख्यतः आर्किमिडीजमुळे. विश्व भरायला वाळूचे किती कण लागतील याचा हिशेब त्याने सिराक्यूजचा राजा गेलॉन याला लिहून दिला, त्यात ओघात हा उल्लेख आला आहे.

ॲरिस्टार्कसचा जो एकच ग्रंथ उरला, त्यात सूर्यकेंद्राबद्दल अवाक्षर नाही. त्यात आहे सूर्य-चंद्रांचे मोजमाप. चंद्र बरोबर अर्धा दिसतो तेव्हा पृथ्वी, चंद्र आणि सूर्य यांचा काटकोन त्रिकोण होतो. पृथ्वीपाशचा कोन त्याने ८७ अंश धरला आणि सूर्य चंद्राच्या १८ ते २० पट दूर ठरवला. खरा कोन ९० अंशांपेक्षा जेमतेम नऊ कलांनी (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग) कमी आहे, म्हणून खरे अंतर सुमारे ३९० पट भरते. भूमिती चोख, पण तो क्षण नेमका पकडणे नुसत्या डोळ्यांनी अशक्यच. तरी सूर्याचा व्यास पृथ्वीच्या सहा-सात पट निघाला. एवढा मोठा गोळा लहानग्या पृथ्वीभोवती कशाला फिरेल, असे त्याला वाटले असावे. हा अर्थात माझा तर्क.

क्लिअँथीस या तत्त्वज्ञाने त्याच्यावर धर्मद्रोहाचा खटला भरावा असे म्हटल्याचे ग्रीक लेखक प्लुटार्क सांगतो. ही गोष्ट फार रंगवली जाते. माझ्या मते खरी अडचण आकाशात होती. पृथ्वी फिरत असेल तर सहा महिन्यांनी ताऱ्यांच्या जागा किंचित सरकलेल्या दिसायला हव्यात. यालाच पराशय म्हणतात. तो कुणालाच दिसेना. तारे अफाट दूर आहेत, त्यांच्या गोलापुढे पृथ्वीची कक्षा बिंदूएवढी, हे ॲरिस्टार्कसचे उत्तर बरोबर होते. पण ते पडताळायचे कसे? बेसेल या जर्मन खगोलशास्त्रज्ञाने १८३८ मध्ये ६१ सिग्नी ताऱ्याचा पराशय मोजला, तो विकलेच्या (कलेच्या साठाव्या भागाच्या) तिसऱ्या हिश्श्याएवढा निघाला.

ॲरिस्टार्कसनंतरच्या शतकात सेल्यूकस या खगोलशास्त्रज्ञाने त्याची बाजू उचलून धरली. मात्र ग्रहांची स्थिती आधी सांगायची तर पृथ्वी मध्यभागी धरणारे भूकेंद्री गणितच हाताशी होते. इ.स. १५० च्या सुमारास टॉलेमी या खगोलशास्त्रज्ञाने ते इतके पक्के बांधले की पुढे जवळजवळ चौदाशे वर्षे त्यावरच भागले.

कोपर्निकसच्या हस्तलिखितात ॲरिस्टार्कसचे नाव होते. छापील पुस्तकात मात्र तो मजकूर आला नाही.