बादली ढवळून बघा: चमकती लाट की दुधाळ समुद्र?

थंडीत कोकणातून कोणीतरी निळ्या लाटांचा व्हिडिओ पाठवतं आणि त्याखाली ठरलेला मजकूर येतो: 'हाच तो अवकाशातून दिसणारा दुधाळ समुद्र!' नाही हो. अवकाशातून दिसणारा समुद्र खरा आणि व्हिडिओही खरा, पण दोघांचं नातं काजवा आणि ट्यूबलाइटइतकंच.

आधी आपल्या किनाऱ्यावरचं. देवगडकडे पहिल्यांदा हा प्रकार बघायला गेलो तेव्हा समोर नुसता काळोख होता. ज्यांच्याकडे उतरलो होतो ते काका म्हणाले, "टॉर्च बंद करा आणि ओल्या वाळूत पाय आपटा." आपटला. टाचेभोवती निळे ठिपके उडाले आणि मी नीट बघेपर्यंत विझले. पुन्हा आपटला, पुन्हा तेच. मग अर्धा तास मोठी माणसं वाळूत थयथय नाचत होती. (फोटोतल्या निळ्या लखलखाटावर जाऊ नका. मोबाइलचा नाइट मोड कित्येक सेकंदांचा उजेड गोळा करतो. डोळ्यांना दिसतं ते बरंच फिकं असतं.)

ही करामत नॉक्टिलुकाची. जीव एकपेशीय, पण मिलिमीटरभर मोठा होऊ शकतो. काचेच्या ग्लासात पाणी धरलं तर साबुदाण्याच्या चुऱ्यासारखे पारदर्शक गोळे तरंगताना दिसतात. धक्का बसला की पेशीतल्या बारीक पिशव्यांमध्ये आम्लता वाढते, ल्युसिफेरिन नावाचं रसायन पेटतं आणि सेकंदाच्या जेमतेम दहाव्या भागापुरता उजेड पडतो. खायला आलेला प्राणी त्याने दचकतो. शिवाय त्या प्राण्याला खाणाऱ्या मोठ्या माशाला आयता पत्ता मिळतो. थोडक्यात, 'चोर, चोर' अशी बोंब. नोव्हेंबर २०२० मध्ये जुहूच्या लाटा चमकल्या तोही असाच प्रकार. रात्री सुंदर दिसणारं हे पाणी दिवसा हिरवट किंवा तांबूस, गढूळ असतं. नॉक्टिलुका फार दाट झाली तर पाण्यातला प्राणवायू घटतो, अमोनिया वाढतो आणि मासे मरू शकतात. त्यामुळे पर्यटक खूश असले तरी मच्छीमार असतीलच असं नाही.

दुधाळ समुद्रात ठिणगी नसतेच. लाट फुटो न फुटो, क्षितिजापर्यंत एकसारखा पांढुरका उजेड असतो. जानेवारी १९९५ मध्ये सोमालियाजवळून जाणाऱ्या 'लिमा' या ब्रिटिश मालवाहू जहाजाने नोंद केली की आपण जणू बर्फाच्या मैदानावरून चाललो आहोत. दहा वर्षांनी संशोधकांनी उपग्रहाची त्या तारखांची जुनी चित्रं काढली, तर तो उजेड खरंच सापडला: सुमारे १५,४०० चौरस किलोमीटर, म्हणजे जवळजवळ पुणे जिल्ह्याएवढा. २०१९ मध्ये इंडोनेशियाच्या जावा बेटाच्या दक्षिणेला असाच एक पट्टा महिन्याहून जास्त टिकला. तो लाख चौरस किलोमीटरच्या वर होता, म्हणजे महाराष्ट्राच्या तिसऱ्या हिश्शाएवढा!

हा उजेड जिवाणूंचा. १९८५ मध्ये अरबी समुद्रातल्या सोकोत्रा बेटाजवळ घेतलेल्या नमुन्यात व्हिब्रिओ हार्वेयी ही जात मिळाली होती. एकटादुकटा जिवाणू उजेड पाडण्याच्या भानगडीत पडत नाही. प्रत्येक जण पाण्यात रासायनिक इशारे सोडत राहतो. त्या इशाऱ्यांचं प्रमाण पुरेसं वाढलं की सगळे मिळून दिवा लावतात. ग्रामसभेला कोरम लागतो, तसंच. शास्त्रज्ञही याला कोरमचाच शब्द वापरतात. आणि हेतू? इथे मला खरी गंमत वाटते. नॉक्टिलुका आपल्याला कोणी खाऊ नये म्हणून चमकते. जिवाणूंना मात्र माशाचं आतडं म्हणजे खाण्यापिण्याची सोय असलेलं घर. त्यामुळे 'या, आम्हाला गिळा' असं हे आमंत्रण असावं, असा एक अंदाज आहे.

अशा चमकत्या पाण्याजवळ गेलं की माणसं-प्राणी झोपेने कोसळतात, असं एखाद्या गोष्टीत वाचायला छान वाटेल, पण दोन्हींपैकी कुठलाच उजेड कोणाला झोपवत नाही. बधिर करणारा जीव वेगळा: पायरोडिनियम, नॉक्टिलुकासारखाच एकपेशीय. कॅरिबियनमधल्या पोर्तो रिकोच्या मॉस्किटो बे या खाडीत तो चमकतो आणि लोक होडीतून बघायला जातात. पण त्याचा आग्नेय आशियातला प्रकार सॅक्सिटॉक्सिन हे विष बनवतो. ते शिंपल्यांत साठतं. असे शिंपले खाल्ले की ओठ आणि बोटं बधिर होतात, आणि विष जास्त गेलं तर श्वासाचे स्नायूही थांबतात. त्याला झोप म्हणणं धाडसाचं. आणि तेही खाल्ल्याने होतं, बघण्याने नाही.

आता बादलीची गोष्ट. २०१९ च्या ऑगस्टमध्ये जावाजवळच्या त्या पट्ट्यातून एक शिडाची बोट गेली. नाव 'गणेशा'. खलाशांनी बादलीभर पाणी वर घेतलं, तर आत स्थिर उजेडाचे ठिपके होते. पाणी ढवळलं आणि ठिपके विझले! आपल्याकडच्या पाण्यात हात घातला तर नेमकं उलटं होतं. बादली काळी असते आणि ढवळली की पेटते.

तेव्हा कोकणात पाय आपटून जे दिसतं ते ठिणग्यांचं पाणी. दुधाळ समुद्राच्या नोंदी बहुतेक भर समुद्रातल्या, त्यातही सोमालिया-सोकोत्राकडच्या, आणि पुष्कळशा ऐन पावसाळ्यातल्या. घरात कोणी मर्चंट नेव्हीत असेल आणि जहाज त्या बाजूने जाणार असेल, तर एक दोरी आणि बादली जवळ ठेवायला सांगा.