ग्रिडला डॉट कळायला इतका वेळ का लागला?

ऐरोली-महापेच्या आयटी पार्कांत शिपिंगचं काम आलं, की कंटेनरची यादी ग्रिडमध्ये, म्हणजे पडद्यावरच्या ओळी-कॉलमच्या तक्त्यात, दाखवणं आलंच. न्हावा शेवा बंदर काही लांब नाही. एपीआयकडून (प्रोग्रामला डेटा पुरवणाऱ्या सेवेकडून) कंटेनरची नोंद येते, तिच्या आत ग्राहक, ग्राहकाच्या आत पत्ता, पत्त्यात नोड (नवी मुंबईतला घणसोलीसारखा विभाग) आणि सेक्टर. ग्रिडच्या कॉलमला मात्र सुटसुटीत एकच नाव हवं असायचं; ‘ग्राहक.पत्ता.नोड’ असा डॉटने पायऱ्या जोडणारा पाथ त्याला उशिराच कळू लागला.

याचं मूळ 1970 मध्ये सापडतं. संगणकशास्त्रज्ञ एडगर कॉड यांनी रिलेशनल मॉडेल (डेटा साध्या, एकमेकांशी जोडता येणाऱ्या तक्त्यांत ठेवायची पद्धत) मांडलं ते त्या वर्षी. एका खान्यात एकच मूल्य, तक्त्याच्या पोटात तक्ता नको, हा त्यांचा आग्रह. पत्ता वेगळ्या टेबलात ठेवायचा आणि लागेल तेव्हा जॉइन करायचा, म्हणजे मूळ टेबलाला जोडून घ्यायचा. पुढे व्हिज्युअल बेसिक आणि डेल्फी या प्रोग्रामिंगच्या साधनांतल्या ग्रिड आल्या त्या याच सपाट निकालासाठी. जॉइन डेटाबेसमध्येच उरकलेला असायचा, मग ग्रिडने खोलात शिरायचं कशाला?

टेबलाऐवजी ऑब्जेक्टची (एकात एक माहिती धरणाऱ्या नोंदींची) यादी ग्रिडला बाइंड व्हायला, म्हणजे थेट जोडली जायला लागली आणि गाडी अडली. वेबसाइट बनवायचं मायक्रोसॉफ्टचं एएसपी डॉट नेट 2002 मध्ये आलं. त्यात टेम्प्लेट कॉलममध्ये (ज्याची मांडणी आपण लिहायची अशा कॉलममध्ये) डेटाबाइंडर-इव्हॅल या फंक्शनला ‘ग्राहक.पत्ता.नोड’ दिलं की ते रिफ्लेक्शनने, म्हणजे प्रोग्राम चालू असतानाच प्रॉपर्टी (ऑब्जेक्टमधलं नाव दिलेलं मूल्य) नावावरून शोधत, एकेक पायरी उतरून मूल्य आणायचं. जरा हळू, पण आणायचं. 2005 मध्ये त्यातच आलेल्या ग्रिडव्ह्यूतल्या साध्या बाउंडफील्ड कॉलमला मात्र हेच नाव दिलं की एरर: या नावाची प्रॉपर्टी डेटा सोर्समध्ये नाही. बिचारं अख्ख्या ‘ग्राहक.पत्ता.नोड’ या नावाची प्रॉपर्टी शोधत बसायचं, डॉटवर तोडायचंच नाही. एकाच घरात दोन न्याय! मग क्लासमध्ये ‘ग्राहकनोड’ अशी जादा प्रॉपर्टी घुसडायची. सपाट व्ह्यूमॉडेल (फक्त पडद्यावर दाखवण्यापुरता क्लास) लिहायची आपली सवय बरीचशी इथे पक्की झाली, असं मला वाटतं.

जेसन हा डेटा पाठवायचा मजकुरी साचा रुळल्यावर नेस्टेड (एकात एक बसवलेला) डेटा थेट ब्राउझरमध्ये येऊ लागला. डेटाटेबल्स, एजी ग्रिड या ब्राउझरमधल्या तयार ग्रिडनी डॉटचा पाथ स्वीकारला, आणि उलटीच पंचाईत झाली: डेटातल्या एखाद्या नावातच खरा डॉट असेल तर? डेटाटेबल्समध्ये त्याच्या आधी बॅकस्लॅश द्यावा लागतो. एजी ग्रिडमध्ये डॉटचा हा अर्थच बंद करायची सोय आहे.

पत्ताच नल (रिकामा, नसलेला) असला तर वाचताना फार बिघडत नाही, सेल रिकामा दाखवता येतो. पण त्याच सेलमध्ये कुणी ‘घणसोली’ टाइप केलं तर आधी पत्त्याचा ऑब्जेक्ट कोणी तयार करायचा? ते ग्रिडवर न सोडता सेटर (टाइप केलेलं मूल्य डेटात ठेवणारं) फंक्शन स्वतः लिहिलेलं बरं.