गृहकर्जाचा दीर्घकालीन खर्च

गृहकर्जाचा दीर्घकालीन खर्च : घर विकत घेण्यासाठी अथवा बांधण्यासाठी तेच घर तारण ठेवून काढलेल्या कर्जापायी परतफेडीच्या संपूर्ण मुदतीत कर्जदारावर मुद्दलाव्यतिरिक्त पडणारा आर्थिक भार. व्याज हा त्याचा सर्वांत मोठा घटक होय. त्याखेरीज प्रक्रिया शुल्क, मूल्यांकनाचा आणि कागदपत्रांच्या कायदेशीर तपासणीचा खर्च, गहाणखताचे मुद्रांक व नोंदणी शुल्क, कर्जाला जोडलेल्या विम्याचा हप्ता आणि काही ठिकाणी मुदतपूर्व परतफेडीवरील आकार यांचा त्यात समावेश होतो. घराची देखभाल, दुरुस्ती व मालमत्ता कर हे मालकीचे खर्च असून कर्ज न काढता घर घेतले तरी ते चुकत नाहीत. म्हणून येथे त्यांचा विचार केलेला नाही.

कर्जदाराच्या नजरेसमोर सहसा दोनच आकडे असतात, व्याजदर आणि मासिक हप्ता. प्रत्यक्षात मुद्दलाचा किती भाग किती काळ फिटायचा राहतो, यावर खर्चाचे मान मुख्यत्वे अवलंबून असते. दर सारखा असलेल्या दोन कर्जांच्या एकूण व्याजात दुपटीहून अधिक तफावत पडू शकते, ती यामुळेच.

गणिताची पूर्वपीठिका : चक्रवाढ व्याजाच्या गणिताचा उगम नेमका सांगणे कठीण आहे. पॅरिसच्या लूव्र संग्रहालयातील एओ ६७७० या क्रमांकाच्या बॅबिलोनियन मृत्तिकापट्टिकेवर २० टक्के दराने मुद्दल दुप्पट होण्यास किती काळ लागेल, असे उदाहरण आढळते. ही पट्टिका सामान्यतः इ. स. पू. २००० ते १७०० या दरम्यानची मानली जाते. तिच्यातील उत्तर सुमारे ३.७९ वर्षे असे निघते. आजच्या लॉगरिदमच्या रीतीने ते ३.८० वर्षे येते. आर्यभटाने आर्यभटीयाच्या (४९९) गणितपादात व्याजावर व्याज मिळून झालेल्या एकूण रकमेवरून मूळचे व्याज काढण्याचा नियम दिला असून त्यासाठी वर्गसमीकरण सोडवावे लागते.

कर्जाचा खर्च मोजण्यासाठी मात्र चक्रवाढीच्या उलट दिशेने जाणारी कल्पना लागते. भविष्यात मिळणाऱ्या किंवा द्यावयाच्या रकमेची आजची किंमत, म्हणजेच वर्तमान मूल्य, ही ती कल्पना होय. इटालियन गणिती फिबोनाचीच्या लिबेर आबाची (१२०२) या ग्रंथातील उदाहरणांत ती प्रथम स्पष्टपणे दिसते, असे काही अर्थेतिहासकार मानतात. इतर अभ्यासक फ्लेमिश गणिती सीमोन स्टेव्हिनने १५८२ मध्ये अँटवर्प येथे प्रसिद्ध केलेल्या व्याजकोष्टकांना अधिक महत्त्व देतात, कारण तोवर अशी कोष्टके सावकारी पेढ्या आपल्यापुरतीच राखून ठेवीत असत. कल्पनेचा मान फिबोनाचीला दिला, तरी देणाऱ्याला आणि घेणाऱ्याला एकच हिशेब पडताळून पाहता येण्याची सोय कोष्टके छापली गेल्यावर झाली, हे मत अधिक ग्राह्य वाटते.

समान हप्त्यांच्या कर्जाचा उगम : मुद्दल व व्याज मिळून सारख्या रकमेचा हप्ता भरत दीर्घ मुदतीत फिटणाऱ्या गृहकर्जाची सुरुवात कोठे झाली, याविषयी मतभेद आहेत. महामंदीच्या काळात अमेरिकेत स्थापन झालेले होम ओनर्स लोन कॉर्पोरेशन (१९३३) आणि फेडरल हाउसिंग ॲडमिनिस्ट्रेशन (१९३४) यांना हे श्रेय देण्याचा प्रघात आहे. त्यापूर्वी तेथे बरीच गृहकर्जे अल्प मुदतीची असत. मुदतीत केवळ व्याज भरले जाई आणि मुद्दल शेवटी एकरकमी द्यावे लागे किंवा कर्जाचे नूतनीकरण करावे लागे. मंदीत नूतनीकरण थांबले आणि असंख्य घरे जप्त झाली. म्हणून मुद्दल हळूहळू फेडणारी कर्जे सरकारी पाठबळाने रूढ करण्यात आली.

या मताला दोन बाजूंनी आक्षेप घेतले जातात. इंग्लंडमध्ये बर्मिंगहॅम येथे १७७५ मध्ये रिचर्ड केटली याच्या पुढाकाराने स्थापन झालेली संस्था ही ज्ञात गृहबांधणी संस्थांपैकी सर्वांत जुनी मानली जाते. तिच्या धर्तीवरील संस्थांत सभासद दरमहा ठराविक वर्गणी भरीत, जमलेल्या निधीतून एकेकाला घर मिळे आणि सर्वांची घरे झाली की संस्था विसर्जित होई. अमेरिकेतही फिलाडेल्फियाजवळ फ्रँकफर्ड येथे १८३१ मध्ये अशी संस्था निघाली. या पद्धतीत हप्ता ठरलेला असला, तरी तो किती वर्षे भरावा लागेल हे संस्थेच्या आयुष्यावर अवलंबून असल्याने एकूण खर्च आधी सांगता येत नसे. १८४० नंतरच्या दशकांत कायमस्वरूपी संस्था उभ्या राहिल्यावर कर्जाची मुदत निश्चित झाली. यूरोप खंडात प्रशियाच्या सायलीझिया प्रांतात १७६९ च्या राजाज्ञेने जमीनतारणावर कर्जरोखे काढणारी व्यवस्था सुरू झाली; पण ती जमीनदारांच्या इस्टेटींसाठी होती. १७९५ च्या कोपनहेगन येथील भीषण आगीनंतर घरांच्या पुनर्बांधणीसाठी १७९७ मध्ये डेन्मार्कमध्ये कर्जसंस्था स्थापन झाली. फ्रान्समध्ये १८५२ मध्ये स्थापन झालेल्या क्रेदी फॉन्सिए या संस्थेने दीर्घ मुदतीची, वार्षिकीच्या रीतीने, म्हणजे ठराविक काळाने सारखी रक्कम भरून, फिटणारी कर्जे दिली. हे सर्व लक्षात घेता अमेरिकेने १९३० नंतरच्या दशकात ही पद्धत शोधून काढली असे म्हणण्यापेक्षा तिला राष्ट्रव्यापी एकसारखे रूप आणि विम्याचे संरक्षण दिले, असे म्हणणे अधिक सयुक्तिक ठरेल.

हप्त्याची रचना : समान मासिक हप्त्यात प्रत्येक महिन्याचे व्याज त्या वेळच्या शिल्लक मुद्दलावर आकारले जाते आणि हप्त्यातील उरलेली रक्कम मुद्दलात जमा होते. सुरुवातीला शिल्लक मोठी असल्याने हप्त्याचा बहुतेक भाग व्याजातच जातो. चलन कोणतेही असो, १,००,००० मुद्दल, द. सा. द. शे. ९ दर आणि २० वर्षांची मुदत घेतल्यास हप्ता ८९९.७३ येतो. पहिल्या हप्त्यापैकी ७५० व्याजाचे व १४९.७३ मुद्दलाचे असतात. मुद्दलाचा वाटा व्याजाच्या वाट्याहून मोठा होण्यास १४९ वा हप्ता उजाडावा लागतो. पाच वर्षे नियमित हप्ते भरल्यावर कर्जदाराने सुमारे ५३,९८४ भरलेले असतात. त्यांतून मुद्दल मात्र सुमारे ११,२९३ इतकेच फिटलेले असते. निम्मे मुद्दल फिटते ते चौदाव्या वर्षाच्या अखेरीस. वीस वर्षांत भरलेली एकूण रक्कम सुमारे २,१५,९३४ होते, म्हणजे व्याज मुद्दलापेक्षा अधिक भरते. सावकाराने यात काही लपवाछपवी केलेली नसते. दरमहा आकारलेले व्याज त्या महिन्याच्या शिलकीवर रास्तच असते. हप्ते सारखे ठेवल्याने मुद्दलाची फेड शेवटाकडे ढकलली जाते, हा केवळ रचनेचा परिणाम आहे आणि तो सही करण्यापूर्वी प्रत्येक कर्जदाराला आकड्यांत दाखवला जायला हवा.

मुदतीचा परिणाम दराइतकाच तीव्र असतो. याच मुद्दलावर ६ टक्के दराने १५ वर्षांचा हप्ता ८४३.८६ आणि ३० वर्षांचा ५९९.५५ येतो. हप्ता २९ टक्क्यांनी उतरतो, पण एकूण व्याज ५१,८९४ वरून १,१५,८३८ वर जाते. संपूर्ण मूळ मुद्दलावर मुदतभर सारखेच व्याज धरणारी सरळ आकारणी, जिला व्यवहारात ‘फ्लॅट रेट’ म्हणतात, ती याहून फसवी असते. फेडलेल्या मुद्दलावरही ती व्याज आकारीत राहते, त्यामुळे २० वर्षांसाठी सांगितलेला ९ टक्क्यांचा असा दर घटत्या शिलकीच्या हिशेबाने १३ टक्क्यांच्या जवळ जातो.

खर्चाचे मापन : खर्च मोजण्याच्या तीन रीती प्रचलित आहेत आणि त्यांची उत्तरे एकमेकांशी जुळत नाहीत. एकूण भरलेल्या रकमेतून मुद्दल वजा करण्याची रीत सर्वांत सोपी व परिणामकारक आहे. तिच्यावर अर्थशास्त्रज्ञांचा आक्षेप असा, की चलनाचे आजचे एक एकक आणि वीस वर्षांनंतरचे एक एकक यांची ती थेट बेरीज करते. वरील उदाहरणात वार्षिक ४ टक्के चलनवाढ गृहीत धरली, तर २,१५,९३४ या एकूण परतफेडीची आजच्या क्रयशक्तीतील किंमत सुमारे १,४९,४०० इतकीच भरते. दुसरी रीत वार्षिक टक्केवारी दराची. तीत व्याजाबरोबर अनिवार्य शुल्केही हिशेबात घेतली जातात. तिसरी रीत वर्तमान मूल्याची; तीत कर्जदाराला त्याच्या पैशावर अन्यत्र किती परतावा मिळाला असता, तो दर वापरला जातो. सर्व हप्त्यांना कर्जाच्याच दराने वटवल्यास, म्हणजे त्या दराने त्यांची आजची किंमत काढल्यास, उत्तर नेमके मुद्दलाइतके येते, म्हणून या रीतीत वटवणीचा दर कोणता धरावा हाच कळीचा प्रश्न ठरतो. सिद्धांताच्या दृष्टीने तिसरी रीत सर्वांत निर्दोष आहे. तथापि वटवणीचा दर कर्जदारागणिक बदलत असल्याने सर्वसामान्य तुलनेसाठी दुसरी रीत आणि मुदतीचा परिणाम समजण्यासाठी पहिली, अशी जोड व्यवहारात अधिक उपयोगी पडते.

चलनवाढीने एकूण भार हलका होतो, हे विधानही सरसकट करता येत नाही. डोनाल्ड लेसर्ड व फ्रँको मोदिल्यानी या अर्थतज्ज्ञांनी १९७५ मध्ये दाखवून दिले, की अपेक्षित चलनवाढ व्याजदरात आधीच अंतर्भूत झालेली असल्यास समान हप्त्यांच्या कर्जात खऱ्या क्रयशक्तीचा भार सुरुवातीच्या वर्षांवर कलतो. पुढचे हप्ते हलके होतात खरे, परंतु उत्पन्न सर्वांत कमी असण्याच्या काळात हप्ता सर्वांत जड असतो. घरासाठी स्वतःची घातलेली रक्कम अन्यत्र गुंतवली असती तर मिळाले असते त्या उत्पन्नाचा, म्हणजे संधी खर्चाचा, विचार बहुतेक कोष्टकांत नसतो.

शुल्कांचा परिणाम कर्ज किती काळ चालते यावर ठरतो. वरील ९ टक्के दराच्या कर्जावर १ टक्का प्रक्रिया शुल्क सुरुवातीलाच घेतले, तर पूर्ण २० वर्षे चालल्यास खरा दर सुमारे ९.१४ टक्के पडतो. तेच कर्ज पाचव्या वर्षाअखेर फेडून टाकले, तर तो सुमारे ९.२६ टक्के होतो. कमी दरासाठी कर्ज एका संस्थेकडून दुसरीकडे नेताना हा हिशेब विशेष महत्त्वाचा ठरतो, कारण शुल्क नव्याने भरावे लागते आणि मुदत पुन्हा पहिल्यापासून धरली गेल्यास दरातील लाभ मुदतवाढीत जिरून जातो.

तरता व्याजदर : संदर्भदराबरोबर, म्हणजे कर्जाचा दर ज्याला जोडलेला असतो त्या दराबरोबर, वरखाली होणाऱ्या दराच्या कर्जात दीर्घकालीन खर्च करारावेळी सांगता येत नाही. दर वाढल्यावर अनेक सावकार हप्ता तोच ठेवून मुदत वाढवतात, त्यामुळे वाढलेला खर्च दरमहाच्या अंदाजपत्रकात दिसतच नाही. वरील कर्जाचा दर सुरुवातीलाच ९ वरून १० टक्के झाला आणि हप्ता ८९९.७३ च राहिला, तर २४० ऐवजी सुमारे ३१४ हप्ते भरावे लागतात. दर १०.८ टक्क्यांवर गेला, की महिन्याचे व्याजच ९०० होते. हप्ता व्याजालाही पुरत नाही आणि शिल्लक घटण्याऐवजी वाढू लागते. भारतीय रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाद्वारे मुदतवाढीमुळे अशी उलटी वाढ होऊ न देण्याची जबाबदारी कर्ज देणाऱ्या संस्थांवर टाकली आणि दर बदलताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही, याची निवड कर्जदाराला देण्यास सांगितले.

मुदतपूर्व परतफेड : मुद्दलात केलेला जादा भरणा जितका लवकर, तितके व्याज अधिक वाचते. २० वर्षांच्या वरील कर्जात पहिल्या वर्षाअखेर १०,००० जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर सुमारे ५० हप्ते कमी होतात व सुमारे ३५,४०० व्याज वाचते. मात्र या रकमेवर मिळालेला परतावा कर्जाच्या दराइतकाच, म्हणजे ९ टक्के असतो. वाचलेल्या व्याजाचा आकडा मोठा दिसतो, तो दीर्घ काळामुळे. करसवलतीने कर्जाचा प्रभावी दर उतरत असल्यास हा लाभही तितक्या प्रमाणात घटतो.

माहिती देण्याचे कायदे : अमेरिकेच्या १९६८ च्या ट्रुथ इन लेंडिंग कायद्याने वार्षिक टक्केवारी दर जाहीर करणे बंधनकारक केले. तेथे ऑक्टोबर २०१५ पासून लागू झालेल्या, कर्जदाराला द्यावयाच्या कर्जखर्चाच्या अंदाजपत्रकात पहिल्या पाच वर्षांत एकूण किती भरले जाईल व त्यांतून किती मुद्दल फिटेल, हे दोन आकडे शेजारी शेजारी द्यावे लागतात. घटत्या शिलकीचे वास्तव सामान्य कर्जदारापर्यंत पोहोचवण्याचा हा बहुधा सर्वांत नेटका मार्ग होय. यूरोपीय संघाच्या २०१४ च्या निर्देशानुसार बदलत्या दराच्या कर्जासाठी दर वाढल्यास काय होईल, हे दाखवणारा आणखी एक दर द्यावा लागतो. भारतात १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या नव्या किरकोळ कर्जांसाठी मुख्य तथ्य विवरणपत्र देणे आवश्यक असून त्यात वार्षिक टक्केवारी दर आणि हप्तानिहाय परतफेडीचे कोष्टक असते.