खत घालणारं झाड सड्याला का नको?

वनीकरण करणाऱ्याला जे हवं ते सगळं ऑस्ट्रेलियन बाभळीत आहे. मुरमाड, जांभ्याच्या जमिनीत ती तग धरते, फारशी निगा मागत नाही आणि मुख्य म्हणजे गुरं-शेरडं तिला सहसा तोंड लावत नाहीत. अनुकूल जागी पहिली काही वर्षं ती वर्षाला दोन मीटरहून जास्त वाढते. उत्तर ऑस्ट्रेलिया, पापुआ न्यू गिनी आणि इंडोनेशियाचा काही भाग हे तिचं माहेर. भारतात ती १९४६ साली आली आणि रोपवाटिकांत ‘आकेशिया’ म्हणून रुळली.

आपण जिला तिची पानं म्हणतो, ती खरं तर पानं नव्हेतच. रोपवाटिकेतलं कोवळं रोप हातात घेऊन बघा. बुडाची एक-दोन पानं आपल्या बाभळीसारखी, बारीक पर्णिकांची. त्यांच्या वरच्या पानाचा देठ थोडा रुंदावलेला आणि टोकाला मोजक्याच पर्णिका उरलेल्या. आणखी वर पर्णिका गायब. उरतो नुसता चपटा, किंचित वाकडा देठ, त्यात उभ्या धावणाऱ्या शिरा. पुढं जन्मभर अन्न तयार करायचं काम हा देठच करतो. तो चिवट असल्यानं गळल्यावर लवकर कुजत नाही, म्हणून या झाडांखाली पाचोळ्याचा जाड थर साचतो आणि गवताला डोकं वर काढता येत नाही.

शेंगा पिकल्या की पीळ पडून कानाच्या पाळीसारख्या दिसतात. शेंग उकलली की काळं चकचकीत बी नारिंगी धाग्याला लोंबकळत राहतं. धाग्याच्या लोभानं पक्षी येतात आणि बी लांब जाऊन पडतं. त्याचं कवच इतकं टणक असतं की रोपवाटिकेत त्यावर उकळतं पाणी ओतून दिवसभर भिजत ठेवतात, तेव्हा कुठं ते नीट उगवतं. तीन-चार महिन्यांचं रोप पावसाच्या तोंडावर दोन-तीन मीटर अंतरावर लावायचं. सरपणासाठी आठ-दहा वर्षांत तोडणी येते. डोंगरावर उकळत्या पाण्याचं काम वणवा करतो. उन्हाळ्यात कुणीतरी गवत पेटवून देतं आणि पाऊस पडला की जळक्या जमिनीतून आकेशियाची रोपं वर येतात.

आता तिचा सगळ्यात नावाजलेला गुण. मुळांवरच्या गाठींत राहणारे जिवाणू हवेतला नायट्रोजन बांधून देतात, पुढं तो जमिनीत उतरतो. खाणीच्या ढिगाऱ्यावर किंवा माती वाहून गेलेल्या उतारावर हे वरदानच. पण सडा, म्हणजे डोंगरमाथ्यावरचं जांभ्याचं उघडं पठार, ही गोष्टच वेगळी. साताऱ्याजवळचं कासचं पठार किंवा पाटणकडचा सडावाघापूरचा सडा घ्या. कास साधारण १२०० मीटर उंचीवर आहे. जांभ्यावर मातीचा जेमतेम थर, त्यातली पोषणद्रव्यं पावसानं धुऊन नेलेली. इथली सीतेची आसवं आणि दवबिंदू ही इवली झुडपं बारीक जीव पकडून आपला नायट्रोजन मिळवतात, गेंद आणि तेरडा थोडक्यात भागवतात. अशा जमिनीत आडदांड गवताची डाळ शिजत नाही, म्हणून तर या चिमुकल्यांना मोकळं ऊन मिळतं. तिथं नायट्रोजन ओतला आणि वर सावली धरली, की बाजी तणांच्या हाती जाते. २०१२ साली युनेस्कोच्या जागतिक वारशात गेलेल्या कासच्या पठाराला सुपीक करणं म्हणजे ते मोडणंच. कागदोपत्री पडीक दिसणारी प्रत्येक जमीन झाडाची वाट बघत नसते, हे आपल्या वृक्षारोपणाच्या उत्साहात फार उशिरा सुचतं.

तिची थंड हवेतली बहीण, ब्लॅक वॅटल, हिनं नीलगिरीत काय केलं ते समोर आहे. टॅनिन (कातडं कमावायचं द्रव्य) आणि सरपणासाठी लावलेलं ते झाड शोलाभोवतीच्या, म्हणजे तिथल्या डोंगरघळींतल्या सदाहरित रानांभोवतीच्या, गवताळ माळांवर पसरलं. दक्षिण आफ्रिकेत असली पाणीपिती परदेशी झाडं काढायला १९९५ पासून सरकारी मोहीम चालू आहे. आपली आकेशिया इतकी उपद्रवी आहे असं मी म्हणणार नाही, पण फ्लोरिडात तीही आक्रमक झाडांच्या यादीत आहे.

म्हणून दिसेल तिथं कुऱ्हाड चालवावी असं नाही. गावाजवळ तिचं सरपण मिळालं तर रानातल्या जांभळी-हिरड्यावरचा कोयता तेवढा थांबतो. सड्याच्या काठाची झाडं मात्र शेंगा धरायच्या आत काढावीत आणि बुंधा जमिनीलगत कापावा. उंच खुंट ठेवला तर फुटवे येतात. मातीत पडून राहिलेलं बी पुढची कैक वर्षं उगवत राहतं, तेव्हा जून-जुलैत ओल असताना बारकी रोपं मुळासकट उपटायची फेरी दरवर्षी मारावी लागते.