परवाना शुल्कवाढीला न्यायालयीन आव्हान (गोवा)

शासन, पालिका, पंचायत किंवा अन्य सार्वजनिक प्राधिकरणाने परवान्याचे शुल्क वाढवले असता परवानाधारकाने त्या वाढीच्या वैधतेविरुद्ध मागितलेली दाद. गोव्यात अशी प्रकरणे प्रामुख्याने संविधानाच्या अनुच्छेद 226 खालील रिट याचिकांच्या रूपाने मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठापुढे येतात. 1982 मध्ये स्थापन झालेल्या या खंडपीठाचे कामकाज आता पर्वरीत चालते.

'एकदम तिप्पट केली' ही याचिकाकर्त्याची मुख्य तक्रार असते. पण निकाल फिरतो तो हे पैसे नेमके कशाचे, या प्रश्नाभोवती. कर हा सर्वसाधारण महसुलासाठी, तर शुल्क हा विशिष्ट सेवेचा मोबदला, असा भेद सर्वोच्च न्यायालयाने 1954 च्या शिरूर मठ प्रकरणात केला. हा निकष व्यापाऱ्यांना मोठा आधार वाटला. पण त्यावर सरसकट विसंबणे कसे अंगाशी येते, हे कलकत्त्याच्या लिबर्टी सिनेमा प्रकरणात दिसले. वर्षाला 400 रुपये असलेली चित्रपटगृहाची फी 1958 मध्ये दर खेळामागे आकारली जाऊ लागली आणि सुमारे 6,000 रुपयांवर गेली. महापालिका सेवा काहीच देत नाही, मग फी कसली, असा मालकांचा सवाल होता. 1964 मध्ये न्यायालयाने 3 विरुद्ध 2 मतांनी उत्तर दिले: ही फी नव्हेच, हा कर आहे; आणि कराला सेवा लागत नाही. हैदराबाद-सिकंदराबादच्या हॉटेलचालकांच्या 1999 च्या प्रकरणात आणखी एक पायरी आली. नियमनासाठी घेतलेल्या शुल्कापोटी सेवा दाखवण्याची गरज नाही, मात्र ते अवाजवी असू नये. म्हणून खानावळ किंवा दुकानाच्या परवान्याबाबत आज खरा वाद प्रमाणाचा असतो: तपासणी, नोंदणी आणि देखरेखीच्या खर्चाशी या रकमेचा काही मेळ बसतो का?

दारू आणि जुगार यांना हा हिशेब लागू पडत नाही. मद्यविक्री हा राज्याचा विशेषाधिकार असून परवाना फी ही तो सोडण्याची किंमत आहे, असे 1975 च्या हर शंकर प्रकरणात ठरले. वाड्यावाड्यावर तावेर्न (दारूचे छोटे दुकान) असलेल्या गोव्यात हा सिद्धांत कानाला चमत्कारिक वाटेल, पण 1964 च्या अबकारी कायद्याखालील परवानाधारकालाही त्यातून सुटका नाही. कॅसिनोंची स्थिती आणखी अवघड. 1976 च्या सार्वजनिक जुगार कायद्यात 1992 मध्ये कलम 13-अ घालून पंचतारांकित हॉटेलांतील स्लॉट मशीनना आणि 1996 मध्ये जहाजांवरील टेबल-खेळांना वाट करून दिली गेली. आवर्ती (दरवर्षी भरायचे) शुल्क ही त्या परवानगीचीच अट. 2018 पासून मांडवीतल्या तरंगत्या कॅसिनोंचे वार्षिक शुल्क क्षमतेनुसार 25 ते 40 कोटी रुपये झाले. जुगार हा संविधानाने संरक्षिलेला व्यापार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1957 मध्येच म्हटले होते. कोविडकाळात कॅसिनो बंद असतानाही शुल्काची मागणी झाली (हा वाढीचा नव्हे, आकारणीचा वाद). त्याविरुद्धच्या याचिका गोवा खंडपीठाने 2022 मध्ये फेटाळल्या.

पालिका बाजारातील गाळ्याची 'लायसन्स फी' मात्र नावापुरतीच फी. व्यवहारात ते जागेचे भाडे. तेथे सेवेचा मुद्दा गैरलागू, पण सार्वजनिक संस्थेने खासगी घरमालकासारखे मनमानी वागू नये, हे 2004 च्या मुंबई बंदर प्रकरणातील तत्त्व कामी येते.

याचिकाकर्त्याचा पाया भक्कम असतो तो बहुधा कार्यपद्धतीच्या मुद्द्यांवर. मूळ कायद्यात शुल्क ठरवण्याचा अधिकार आहे का, ठराव सक्षम मंडळानेच केला का, राजपत्रात अधिसूचना निघाली का, उपविधी असल्यास हरकती मागवल्या का? मूळ कायद्याने स्पष्ट मुभा दिली नसेल, तर नियमाद्वारे मागील तारखेपासून वाढ लावता येत नाही. उलट उशीर आणि आधी मुकाट्याने भरलेले हप्ते आड येतात. त्यामुळे 'हरकत राखून' भरणा करण्याची वकिलांची शिफारस असते. जिंकल्यावरही परतावा आपोआप मिळत नाही. वाढीव बोजा गिऱ्हाइकाच्या बिलात आधीच गेला असेल, तर तो पुन्हा व्यापाऱ्याच्या खिशात का घालावा, हा प्रश्न उरतो.

म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात पाटी घेऊन बसणाऱ्या बाईकडून सोपो (बाजारात बसण्याची पट्टी) घेतला जातो, तोही याच कुळातला. ठेकेदाराने ठरल्या दरापेक्षा चार रुपये जास्त घेतले, तर तो शुल्कवाढीचा नव्हे, वसुलीचा प्रश्न ठरतो. त्यासाठी पर्वरी गाठण्यापेक्षा पावती मागणे स्वस्त पडते.