ऊसतोडीतील बालश्रम (कोल्हापूर जिल्हा)

साखर कारखान्यांच्या गाळप हंगामात, साधारण ऑक्टोबर-नोव्हेंबरपासून मार्च-एप्रिलपर्यंत, तोडणी टोळ्यांबरोबर आलेली मुले उसाच्या फडात जे काम करतात ते. शिरोळ, हातकणंगले, करवीर, कागल या तालुक्यांत बीड आणि मराठवाड्याच्या इतर कोरडवाहू भागांतून टोळ्या येतात.

तोडणीचा हिशेब माणशी नसतो, कोयत्यावर असतो. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादम (टोळी जमवणारा ठेकेदार) हंगामाआधी उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, देतो आणि ती टनामागच्या दरातून वळती होते. मुलाचे नाव कुठेच लागत नाही. त्याने बांधलेली मोळी आईबापांच्या टनात जमा होते. त्यामुळे त्याला मजुरी नाही आणि त्याला कामाला लावणारा मालकही कागदावर सापडत नाही. सारी गोम इथेच आहे.

सुरुवात कोपीवर (टोळीच्या तात्पुरत्या झोपडीवर) तान्ह्या भावंडाला सांभाळण्यापासून होते. हे काम बहुधा मुलीकडे येते, म्हणून शाळाही आधी तिचीच सुटते. मग पाणी आणणे, पाचट (उसाचा वाळलेला पाला) सारणे, मोळ्या बांधणे, वाढे (उसाचे हिरवे शेंडे) गोळा करून पेंड्या बांधणे. वाढे वैरण म्हणून विकले जाते आणि त्यावर किराणा भागतो, त्यामुळे मुलाचे हात घराला सोडवत नाहीत. जरा मोठे झाले की हाती कोयता येतो. पात्याच्या धारेने हात चिरतात, कोयता निसटून नडगीवर बसतो. वाहन रात्री फडावर आले तर भरणीसाठी झोपेतून उठावे लागते. डोक्यावर मोळी घेऊन फळीवरून चढताना पाय घसरतो.

१९८६ च्या बालकामगार कायद्यात २०१६ साली दुरुस्ती झाली. १४ वर्षांखालील मुलाला कामावर ठेवणाऱ्यास ६ महिने ते २ वर्षे कैद, २० ते ५० हजार रुपये दंड किंवा दोन्ही होऊ शकते. कुटुंबाला मदत करण्याची सूट शाळा सुटल्यावर आणि सुट्टीतच आहे. भरदिवसा फडात राबणारे मूल तिच्यात बसत नाही. तक्रारीसाठी चाइल्डलाइनचा फोन क्रमांक १०९८.

याच भागातल्या करवीर (कोल्हापूर) संस्थानात शाहू महाराजांनी १९१७ मध्ये प्राथमिक शिक्षण सक्तीचे व मोफत केले आणि मूल शाळेत न धाडणाऱ्या पालकाला महिना १ रुपया दंड ठेवला. उचलीने बांधलेल्या आईबापांपुढे नुसता दंड लंगडा पडतो. दाखला नसला तरी जवळच्या शाळेने मुलाला प्रवेश नाकारता येत नाही, पण फड संपला की टोळी दुसऱ्या गावी हलते आणि पट मागेच राहतो. म्हणून मूळ गावचे हंगामी वसतिगृह अधिक उपयोगी ठरते. ते टोळी निघण्याआधी, दसऱ्याच्या सुमारास, सुरू व्हावे लागते. दिवाळीनंतर उघडले तर मूल केव्हाच ट्रकमध्ये बसलेले असते.