दहा याद्यांत सापडलेला अर्थ खरा असतोच असं नाही

‘कियारा’ आणि ‘मायरा’ ही संस्कृत नावं आहेत, असं बाळांच्या नावांच्या याद्या वर्षानुवर्षं सांगत आल्या आहेत. त्यात तथ्य नाही. कियाराचं मूळ इटालियन ‘क्यारा’ मानतात. ते लॅटिन ‘क्लारा’वरून आलं, अर्थ स्वच्छ, तेजस्वी. आयरिश ‘किआरा’ निराळंच, तिचा अर्थ काळीसावळी! म्हणजे उच्चार जवळचे, अर्थ जवळजवळ उलटे. ‘मायरा’ला ‘प्रिय’ असा संस्कृत अर्थ चिकटवतात, पण ते नाव इंग्रज कवी फुल्क ग्रेव्हिल (१५५४–१६२८) याच्या कवितांतून रूढ झालं.

दहा याद्यांत एकच अर्थ दिसला म्हणजे दहा पुरावे नव्हेत. बहुतेक याद्या एकमेकींची नक्कल असतात. नाव संस्कृत म्हणत असाल तर धातू कोणता, प्रत्यय कोणता, हे विचारावं. वा. शि. आपट्यांचा १८९० चा संस्कृत-इंग्रजी कोश उघडावा. मग जुन्या ग्रंथात वापर आहे का ते पाहावं. गार्गी आणि मैत्रेयी थेट बृहदारण्यक उपनिषदात भेटतात.

मुलीचं नाव कियारा खुशाल ठेवा. बारशाच्या पत्रिकेवर ‘संस्कृत’ मात्र छापू नका.